सावलीत झोपलेला साखरांबा

“हात लावून बघ! गार हाय!” शेजारची आरती ओरडली.

धम्मप्रियानं बरणीला तळहात लावला. खरंच गार! मुखेडच्या उन्हात गच्चीवर पाय ठेवला तर नाचावं लागत होतं, आणि दुपारभर तिथंच ठेवलेली काचेची बरणी गार? आत कैरीचा कीस पांढुरका, साखर तळाशी बसलेली. आरतीच्या घरच्या साखरांब्याला तर कधीच मधाचा रंग चढला होता!

“भुताटकी!” तिचा धाकटा भाऊ आनंदराज कुजबुजला.

“भूत असतं तर खाऊन टाकलं असतं. गार कामून करंल?” आरती म्हणाली.

धम्मप्रियाला हसू आलं नाही. तिची आई महामाया गडचिरोलीच्या दवाखान्यात नर्स होती. बदली झाली तशी ती गेली, आणि ही दोघं आजीकडं राहिली. रविवारी आई येणार होती, पण एका रात्रीपुरतीच! “इथं जेवण गोड लागत न्हाई गं,” ती फोनवर म्हणाली होती, आणि धम्मप्रियानं मोठ्या तोऱ्यात शब्द दिला होता, “यंदा उन्हातला साखरांबा मी घालते. जाताना घेऊन जा!” आईची इतकी आठवण यायची, की रोज कीस ढवळताना ती आईशीच बोलायची. आता आईच्या हातात काय द्यायचं, कच्चा कीस?

“उद्या पहारा!” तिनं फर्मान काढलं.

दुसऱ्या दिवशी जेवणं झाल्यावर तिघांनी झोपेचं सोंग घेतलं आणि हळूच गच्चीवरच्या टाकीमागं दडी मारली. थोड्या वेळानं विनोदकाका वर आले. आजीनं त्यांना कुरडयांवरचे कावळे हाकायला बसवलं होतं. काकांनी इकडंतिकडं पाहिलं, बाज कडेवर उभी केली, तिच्यावर ओली चादर टाकली. चादर उडू लागली. मग त्यांनी बरणी उचलली आणि चादरीच्या टोकावर ठेवली, आतल्या बाजूला, ऐन सावलीत! पुढच्याच क्षणी घोरणं सुरू!

“राखणदारच झोपला!” आरतीनं तोंड दाबून धरलं. आनंदराज मात्र जोरात ओरडला, “काव! काव!”

“हड! हड!” काका दचकून उठले, ते थेट चादरीत गुरफटले! गलका ऐकून भामाआजी वर आली.

“आई, चादर उडून राहिली होती… जड काहीतरी पाहिजे होतं,” काका पुटपुटले. “म्या रोज चार वाजता जागेवर ठेवतो की!”

“हाव, आणि ऊन काय तुझ्यासाठी थांबून राहतंय?” आजी कडाडली. “लेकराचा साखरांबा सावलीत झोपवलास!”

“आता रविवारपर्यंत कसं होईल?” धम्मप्रियानं डोळे पुसले. पण रडून साखर विरघळत नाही. “आजी, स्टीलची परात दे! पातळ पसरला तर लवकर शिजंल!”

परातीवर मलमल बांधली, खाली तापलेला पत्रा घातला. ऊन सरकेल तशी तिघं परात सरकवू लागली. काका भर उन्हात डोक्याला टॉवेल गुंडाळून कावळे हाकत बसले. शनिवारी पाक चमच्याला धरू लागला!

रविवारी आईनं पहिलं बोट चाटलं आणि डोळे मिटले. “माझ्यापेक्षा चांगला जमलाय गं!”

“पोरांनी चोर बी धरला, साखरांबा बी वाचवला. गुणाची लेकरं!” आजीनं तिघांच्या तोंडावरून हात फिरवला. काकांनी मान खाली घालून वाटी पुढं केली.

सोमवारी सकाळी एसटीची वेळ झाली. आईची पिशवी भरताना धम्मप्रियानं मोठी बरणी फडताळात ठेवली आणि छोट्या बाटलीत साखरांबा भरला.

“एवढासाच?” आईनं विचारलं.

“हाव. रोज भरपूर खा,” धम्मप्रिया झाकण घट्ट लावत म्हणाली. “संपला, की बाकीचा न्यायला ये.”