अस्वलाचा झिरा

देशमुखांच्या अंगात जोम आणायचा होता, म्हणून तिघं माहूरच्या डोंगरात शिरली होती. निजामी अंमल उतरणीला लागला होता, पण भोकरकडच्या हणमंतराव देशमुखांचा रुबाब काही उतरत नव्हता. गादीवरून उठायचं ते जेवायला आणि निजायला, तरी बिचारे थकले! वैद्यानं सांगितलं, माहूरच्या कड्यावरची काळी मुळी पोटात गेली की माणूस नवा होतो. मात्र खणायला जाणाऱ्यांनी पहाटेपासून मुळी गाडीपाशी आणेपर्यंत निर्जळी राहायचं. पाणी तोंडाला लागलं की मुळीचा गुण गेला.

जोम मालकाला यायचा आणि घसा पिराजीचा सुकायचा.

पिराजीचा जन्म देशमुखांच्या वेठीत गेला होता. त्याचं थकणं कुण्या वैद्याला कधी कुणी दाखवलं नाही. आता मालकानं शब्द दिला होता : मुळी आण, तुम्हा नवराबायकोची वेठ सुटली. म्हणून रुक्मिणबाईही खांद्यावर कुदळ टाकून आली होती, आणि दोघांवर नजर ठेवायला मुकादम उद्धव. मोह नको म्हणून त्यानंच पाण्याचे भोपळे पायथ्याशी गाडीत ठेवायला लावले. भर वैशाखात, सागाला पान नसताना! असला शहाणपणा धर्माच्या नावानंच सुचतो.

मुळी सापडली. कपारीत अंग घालून, हाताची सालटं काढून पिराजीनं ती उपटली. करंगळीएवढी! कमरेच्या फडक्यात बांधून तो वळला, तर खाली धूर. आल्या वाटेचं गवत पेटलं होतं! वणवा वर चढत होता. गाडीची वाट गेली.

ते पलीकडच्या अंगानं घसरत उतरले. दगड तव्यासारखे तापलेले. कोरड्या नाल्यात पोचले आणि उद्धव कोसळला. डोळे पांढरे, ओठ फुटलेले. पिराजी त्याच्याशेजारी बसला. मरतोय तर मरू दे, असं त्याच्या मनात येऊन गेलं. पण आनंद व्हायलासुद्धा अंगात त्राण लागतं.

तेवढ्यात रुक्मिणबाईनं त्याचा दंड आवळला. वळणावर अस्वल! दोघं दगड झाली. अस्वलाचं त्यांच्याकडे लक्षच नव्हतं. ते वाळू उकरत होतं. फर्रकन् वाळू उडायची, की पुन्हा पंजा. मग त्यानं खांद्यापर्यंत डोकं खड्ड्यात घातलं आणि चपचप आवाज आला. बऱ्याच वेळानं ते फुरफुरलं, अंग झटकून निवांत चढण चढून गेलं.

रुक्मिणबाईनं कुदळ पुढं केली.

"उकर."

"अन् वेठीचं?"

"मेल्यावर सुटतीच की ती. आधी उकर."

त्यानं घाव घातला. वाळू ढासळली. पुन्हा घातला. ओल लागली. हातानं ओरबाडलं. पाणी! वाळूतून पाझरणारा झिरा; गढूळ, अस्वलाच्या वासाचं पाणी! पळसाच्या पानात धरून रुक्मिणबाईनं आधी उद्धवच्या तोंडात सोडलं, डोक्यावर ओतलं. मग ती प्याली, पिराजी प्याला. उंबराच्या सावलीला ओल्या वाळूत पाय रुतवून तो बसला. वर पाखरं उंबरं खात होती, नाल्यातून गार झुळूक येत होती, आणि जन्मात पहिल्यांदा त्याला कुणी हाक मारत नव्हतं. तो बसल्या जागी झोपला.

जाग आली तेव्हा उन्हं कलली होती. अंग हलकं वाटत होतं. उद्धव उठून बसला होता.

"पिराजी, पान्याचं मी सांगत न्हाई मालकाला," तो हळूच म्हणाला. "मुळी तर हायच. वणवा इझला की गाडीकडं चल. सुटशील."

पिराजीनं फडकं सोडून मुळी पाहिली. सकाळी तिच्यात त्याला सगळा जन्म दिसत होता. आता ती नुसती मुळी होती.

"ज्याच्या शब्दानं सुटायचं, त्याच्याच शब्दानं उद्या पुन्हा वेठीला धरतील," तो म्हणाला आणि मुळी उद्धवच्या हातावर ठेवली. "मालकाला सांग, लई जोम पायजे असंल तर हितं ये अन् आपल्या हातानं वाळू उकर."

नाला पुढं पैनगंगेला मिळत होता. पल्याड इंग्रजी अंमलातलं वऱ्हाड; तिथं देशमुखांचा हात पोचत नव्हता. नवराबायको कुदळ घेऊन नदीत उतरली. पाणी गुडघाभरच होतं. मधोमध रुक्मिणबाई थांबली, वाकली आणि ओंजळ भरून सावकाश प्याली.

पिराजी तिच्यासाठी थांबला. घाई कुणालाच नव्हती.