तुमच्याविना उघडलें नाही

"हे पुस्तक देऊन तुम्ही मला फसवलंत!"

तरुणने मान वर केली. टेबलापलीकडे एक मुलगी उभी होती. हातात जपानी चित्रकथेचा पहिला भाग, आणि डोळे... खरोखरच रडून लाल झालेले.

ही गोष्ट दोन हजार सहा सालची. फोनवर चित्रकथा वाचायची सोय तेव्हा नव्हती. चेन्नईत, अड्यारला, राजसबाईंचं छोटंसं वाचनालय होतं. कॉलेज सुटलं की त्यांचा भाचा तरुण तिथे येऊन बसायचा. घराणं तंजावरचं. कित्येक पिढ्या तमिळ मुलखात गेल्या, तरी घरात जुनं मराठी टिकून होतं.

"फसवलें? मीं?"

"पहिल्याच पानावर ती तलवारवाली मुलगी आणि तो बर्फाचा राक्षस पाठीला पाठ लावून लढतात. मग भांडतात काय, दुरावतात काय... शेवटच्या पानावर तर एकमेकांना ओळखतही नाहीत! अशी असते का मैत्री?"

तरुणला हसू आवरेना. "अय्यो! तुम्ही शेवटाकडून वाचलांत. जपानी पुस्तक उजवीकडून उघडावें."

"पण तारखेची चिठ्ठी तर इकडे चिकटवलीय!"

चूक राजसबाईंची होती. आलेल्या प्रत्येक पुस्तकाला त्या खाकी कव्हर घालत आणि आपल्याला पहिलं वाटेल त्या पानावर चिठ्ठी डकवत.

"बसा," तरुणने स्टूल पुढे सरकवलं. "आतां सुलट वाचा."

ती पंख्याखाली बसून वाचू लागली. राक्षसाने त्या मुलीच्या जखमेवर पहिल्यांदा फुंकर घातली, तेव्हा वाचता वाचता तिनेही ओठांचा चंबू केला — आणि तरुणच्या हातातलं कार्ड भलत्याच खणात गेलं.

तिचं नाव यामिनी. वडील रेल्वेत, मूळ नागपूरचे.

"तुमचं मराठी अगदी बखरीतलं वाटतं हं," जाताना ती म्हणाली.

"आणि तुमचें टीव्हीवरच्या बातम्यांतलें!"

मग दर शनिवारी, समुद्रावरचा वारा सुटला की ती यायची. "दुसरा भाग आला?"

"नाहीं."

"मग आपणच ठरवू, पुढे काय होतं ते." ती त्या मुलीची बाजू घ्यायची, तरुण राक्षसाची.

"राक्षसानेच आधी बोलायला हवं," एकदा ती म्हणाली.

"तो भितो."

"एवढा मोठा राक्षस?"

"मोठा आहे म्हणून भीतीही मोठी."

ती खुदकन हसली. तरुण मात्र खाली बघत राहिला, कारण दुसरा भाग तिसऱ्याच आठवड्यात आला होता. तो त्याने आपल्या पिशवीत दडवला होता. यामिनी तो एका संध्याकाळी वाचून संपवेल... आणि मग शनिवारी येईल कशाला?

मार्चमधल्या एका शनिवारी ती आली, पण काही विचारलं नाही.

"बाबांची बदली झाली. सोमवारी भुसावळला निघतोय आम्ही."

तरुणने पिशवीतून पुस्तक काढून तिच्यापुढे ठेवलं. "हें... केव्हांच आलें होतें. मीं लपवलें. तुम्ही येत राहावें म्हणून."

यामिनीने पुस्तकावरून हलकेच बोट फिरवलं. "माझ्या वर्गातल्या जयंतीकडे आहे हे. मी मागच्या महिन्यातच वाचलंय."

"मग दर शनिवारी विचारत कां होतां?"

"यायला काही कारण नको?" ती पुटपुटली. मग तिने विचारलं, "पुढे काय झालं, आवडलं का तुम्हाला?"

"मीं वाचलें नाहीं. तुमच्याविना उघडलें नाहीं."

यामिनीचे डोळे भरून आले. तरुणने श्वास घेतला. आता नाही बोललं तर कधीच नाही.

"मला तुम्ही आवडतां, यामिनी. भुसावळला गेलांत, तरीही."

"हे इतके दिवस का नाही बोललास?" ती डोळे पुसत म्हणाली. "मला काय फक्त राक्षस आवडतो, असं वाटलं तुला?"

आतल्या खोलीतून राजसबाईंचा आवाज आला, "तरुण, मुलीला बसपर्यंत पोंचवून ये. टेबलाशीं मी बसतें."

दोघंही कानापर्यंत लाल झाली.

थांब्यावर ती दोघं बोलत उभी राहिली — पत्रांविषयी, सुट्टीविषयी, भुसावळच्या गाडीविषयी. एक बस आली, थांबली, निघाली.

"ही तुझी नव्हती?" तरुणने विचारलं.

"माझीच होती," यामिनी म्हणाली, आणि जागची हलली नाही.