गेम उघडेना, पाहुणा हलेना

संगमेशने अंबिकेला पहिल्यांदा पाहिलं तेव्हा ती टेबलाखाली होती. म्हणजे दिसले ते फक्त पाय... हिरव्या इरकलीचा काठ, एका पायात पैंजण, दुसरा मोकळा, आणि तळव्यांना लागलेली फरशीची धूळ.

"आलात? सकाळपून फोन करून राहिले मी," टेबलाखालून आवाज आला. "तुमच्या दुकानात कुणी उचलतच न्हाई."

संगमेश दारातच थांबला. त्याचं कुठलंही दुकान नव्हतं. तो नांदेडला एका क्लासमध्ये फिजिक्स शिकवत होता आणि नुकताच एस.टी.तून उतरून लातुरात जेवायला आला होता.

दिवस वेळ अमावास्येचा, म्हणजे आमच्या येळवशीचा. या दिवशी अख्खं लातूर घराला कुलूप लावून शेतात जेवायला जातं. रस्त्यावर रिक्षा मिळत नाही, चहा मिळत नाही. एवढंच कशाला, क्लासेससुद्धा बंद असतात; यावरून सणाचं माहात्म्य बाहेरगावच्या माणसाने ओळखावं.

आता अमावास्येला कुणी मुलगी बघत नाही. त्यामुळे संगमेशही मुलगी बघायला आलेला नव्हता. त्याचे मामा आणि दालमिलवाले चंद्रप्पा खानापुरे यांनी अडत बाजारात उभ्या उभ्या ठरवलं होतं की पोराने शेतात यावं, शेंगा-पालेभाज्यांची भज्जी खावी, ज्वारीची ताकातली आंबील प्यावी. चंद्रप्पांची पोरगी तिथे असेलच. निघताना संगमेशच्या आईने बजावलं होतं, "बघायचं नाही. दिसली तर दिसू दे."

मामा सकाळीच शेतावर पोचले होते. संगमेशला निरोप होता की चंद्रप्पांच्या घरी थांब, जीप दुसऱ्या फेरीला येईल. घरी चंद्रप्पांची थोरली बहीण, गुरम्मा आत्या, भज्जीचं पातेलं फडक्यात बांधत होती. खांद्याला बॅग लावलेला तरुण दिसताच ती म्हणाली, "कम्प्युटरवाला न्हवं? जा आत. पोरगीनं डोकं खाल्लंय माझं." संगमेशने तोंड उघडलं, तोवर आत्या पातेल्यासकट अंगणात गेली होती.

तर असा तो दारात उभा होता. आपण कोण हे सांगायला अजूनही उशीर झालेला नव्हता. पण टेबलाखालून एक हात बाहेर आला. हातात टॉर्च होता.

"धरा हा."

त्याने धरला. माणसाच्या हातात टॉर्च आला की खरं बोलणं थोडं मागे पडतं.

"काय झालंय?" त्याने विचारलं.

"गेम उघडत नाही."

"दुसरे गेम?"

"पत्त्यांचा उघडतो. बाबा रोज खेळतात."

"मग कम्प्युटर ठीक आहे. तुम्ही खाली काय शोधताय?"

टेबलाखाली एक वायर उगाच हलली.

"काही नाही," आवाज आला. "नुसतं बसून राहण्यापेक्षा बरं वाटतं."

आणि ती बाहेर आली. केसांत कोळ्याचं जाळं, गालावर काळा पट्टा, आणि डोळे असे की रात्रभर पडद्याकडे बघितलेत... आईने बजावलेलं संगमेशला आठवलं. मुलगी दिसली होती. आता नजर काढून घ्यायला हवी होती, पण टॉर्च धरायचा तर समोर बघावं लागतं.

"माझ्या तोंडावर कशाला मारताय उजेड?"

"सॉरी."

अंबिकेने सगळं सांगितलं. कुणाला तरी सांगण्यासाठी ती सकाळपासून थांबली होती. गेम तिने स्वतः बनवला होता, दोन वर्षं खपून. गच्चीवर डाळ वाळत घातलीय, कबुतरं येताहेत, आणि एक म्हातारी काठी घेऊन त्यांना हाकलतेय, असा गेम. हैदराबादच्या एका कंपनीला तो आवडला होता. म्हणजे, चित्रं आवडली होती. गेम त्यांच्याकडे उघडतच नव्हता.

"आज दुपारी तीनपर्यंत उघडणारा पाठवा म्हणालेत. नाहीतर त्यांच्याकडची नोकरी दुसऱ्याला. हैदराबादला येळवस नसते ना." तिने पदराने गाल पुसला, काळा पट्टा कानापर्यंत गेला. "माझ्या लॅपटॉपवर हरणासारखा पळतो. म्हणून बाबांच्या कम्प्युटरवर टाकून बघितला, तर त्यांच्यासारखाच रुसला. इथे चालला तर तिकडेही चालेल. करा आता काय करायचं ते."

"मी?"

"मग काय शेजारच्यांनी?"

संगमेशने कम्प्युटर बंद करून चालू केला. ज्याला काहीच सुचत नाही तो हेच करतो, आणि ज्याला सगळं समजतं तोही आधी हेच करतो. त्यामुळे पाच मिनिटं अब्रू शाबूत राहते. पडद्यावर गच्ची दिसली, एक कबूतर दिसलं... आणि सगळं गायब.

"अँटीव्हायरस बंद केला?"

"केला."

"परत टाकून बघितला?"

"चारदा. आणि चारही वेळा सगळंच बदलून बघितलं."

"तिथेच घोळ आहे. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, बाकीच्यांना हात लावायचा नाही. नाहीतर कशाने काय झालं ते कळत नाही."

तिने त्याच्याकडे नीट बघितलं. "तुम्ही कम्प्युटरवाले वाटत नाही."

"कशावरून?"

"अजून विंडोज उडवू का म्हणाला नाहीत."

तेवढ्यात तिचा फोन वाजला. हात धुळीचे, म्हणून तिने स्पीकर लावला.

"अंबे," चंद्रप्पांचा आवाज खोलीभर घुमला, "नांदेडचा पाहुणा पोचला का गं? फिजिक्सवाला. एस.टी. कवाच लागलीय म्हणं. आन् चांगली साडी नेस, बघायचं न्हाई काही, पर नेस. निघालोच मी."

फोन बंद झाला. अंबिकेने आधी टॉर्चकडे पाहिलं, मग टॉर्च धरलेल्या हाताकडे, मग वर. संगमेश भिंतीवरच्या कॅलेंडरमधली अमावास्या बघत होता.

"सांगायला काय झालं होतं?"

"आत्यांना सांगणार होतो. त्यांच्या हातात पातेलं होतं."

"आणि मला?"

"तुम्ही टॉर्च दिलात."

तिला रागवायचं होतं. पण साडी नेसून टेबलाखाली रांगणाऱ्या मुलीला राग नीट येत नाही, मधेच हसू येतं. ते तिने दाबलं... पूर्ण दाबलं गेलं नाही.

"बघून झालं असंल तर जा बाहेर बसा. माझं काम हाय."

"मी बघायला आलोच नाही. जेवायला आलोय."

"बघितलं मात्र."

"हाव," संगमेश म्हणाला. "ते झालं खरं."

ती खुर्चीत बसली आणि कान लाल झालेला दिसू नये म्हणून उगाच केस पुढे घेतले. तो बाहेर गेला नाही. तिनेही पुन्हा सांगितलं नाही.

गेम कोसळताना मागे एक चिठ्ठी सोडून जायचा, दोन-चार ओळींची, इंग्रजीत. अंबिकेने ती वीस वेळा वाचली होती. संगमेश वाकून वाचू लागला. त्याच्या शर्टाला एस.टी.चा आणि मोसंबीच्या सालीचा वास होता.

"ही मधे प्रश्नचिन्हं कसली?"

"तो कचरा असतो. सोडून द्या."

"एवढी ओळीने? कचऱ्याच्या आधी काय लिहिलंय?"

"युझर्स."

"आणि नंतर?"

"माझ्या गेमचं नाव. म्हणजे मधे... मधे या कम्प्युटरच्या मालकाचं नाव पाहिजे." ती थांबली. "गेम त्याच फोल्डरमध्ये जाऊन आपलं सामान ठेवतो."

"मालकाचं नाव काय?"

अंबिकेने हात पुढे केला. पडद्याच्या कोपऱ्यात बोट ठेवलं. कम्प्युटर घरी आला त्या दिवशी चंद्रप्पांनी त्याला हळद-कुंकू वाहिलं होतं, नारळ फोडला होता, आणि नाव विचारणारी चौकट आल्यावर, मिलच्या पाटीवर, जीपच्या काचेवर आणि प्रत्येक लग्नपत्रिकेवर जे पहिल्यांदा येतं तेच टाईप करून घेतलं होतं: ॥ श्री सिद्धेश्वर ॥.

दोघं बराच वेळ त्या नावाकडे बघत राहिले.

"गेम कुठल्या भाषेत आहे?" संगमेशने हळूच विचारलं.

"मराठीत," ती म्हणाली. "शब्द न् शब्द. हट्टाने केलाय."

शब्द न् शब्द मराठीतला तो गेम मराठी नाव दिसलं की उंबरठ्यावर मूर्च्छा येऊन पडत होता. आतलं सामान सगळं मायबोलीचं. कुलूप मात्र इंग्रजी किल्लीचं.

"हैदराबादच्या माणसाने आपलं नाव तेलुगूत टाकलं असणार," अंबिका म्हणाली आणि कपाळाला हात लावला. "आता इथे एक साधं इंग्रजी नावाचं खातं काढू. 'अंबिका' म्हणून. चालतो का ते कळेल."

पण नवीन खातं काढायला पासवर्ड हवा, आणि तो चंद्रप्पांकडे. त्याच वेळी अंगणात जीप थांबली.

देवभोळ्या बापाला देवाच्या नावामुळे काम अडलंय हे कसं सांगावं, याचं शिक्षण कुठल्याच कॉलेजात मिळत नाही. अंबिकेने सरळ सांगून टाकलं. चंद्रप्पा जीपमध्ये ठेवायला उचललेला आंबिलीचा मातीचा डेरा खाली ठेवून ऐकत राहिले.

"म्हंजे सिद्धेश्वराला उठवायचं आन् कबुतरं बसवायची?"

"उठवायचं नाही, बाबा. शेजारी दुसरं नाव."

"देवाच्या शेजारी कोण? तू?"

"तीन वाजेपर्यंतच."

"न्हाई जमायचं." ते पाहुण्याकडे वळले. "तुम्ही शिकलेले हाव. तुम्ही सांगा."

संगमेश अडकला. समोर मुलीचा बाप, बाजूला मुलगी, दोघांना एकदम खूश करण्याची सोय नाही. त्याला मामा आठवले, आई आठवली. मग त्याने पडद्यावरच्या प्रश्नचिन्हांकडे बघितलं.

"काकांचं बरोबर आहे," तो म्हणाला.

अंबिकेने अशी मान वळवली की तो अर्धं पाऊल मागे सरला. पण थांबला नाही.

"नावात चूक नाही. ज्याला नाव वाचता येत नाही त्याची चूक. खातं काढून इथे चालेल, हैदराबादला कसं चालणार? त्या माणसाला काय नाव बदल म्हणणार?"

"म्हणजे चूक माझी."

"गेमची."

"गेम मीच लिहिलाय."

त्याने टॉर्च टेबलावर ठेवला. मग म्हणाला, "मग तुमची."

आजवर तिच्या गेमबद्दल लोक दोनच गोष्टी म्हणत आले होते. काही जण 'छान छान', आणि उरलेले 'लग्नानंतर काय करणार याचं'. चूक कुठे आहे हे कुणी शोधायला बसलं नव्हतं. अंबिकेने ओठ दाबले, खुर्ची ओढली, लॅपटॉप उघडला.

"बाबा, जीप थांबवा थोडी."

"आंबील उतू जाईल गं."

"थंडच असते ती."

चंद्रप्पांनी संगमेशकडे पाहिलं, डेरा उचलला आणि जाता जाता आत्याला ऐकू जाईल असं पुटपुटले, "तोंडावर बोलतंय पोरगं. बरं हाय."

मग फक्त कीबोर्ड ऐकू येत होता. ती लिहीत होती, संगमेश शेजारी स्टुलावर बसून होता. मधेच ती विचारायची, "हे बदलू?" तो म्हणायचा, "एकच." ती म्हणायची, "एकच हो." एकदा तिने न बघता माऊसकडे हात नेला आणि माऊसऐवजी त्याचा हात सापडला. दोघांनीही लगेच हात काढला नाही. माऊस मात्र पलीकडे रिकामा पडला होता.

"आता," ती म्हणाली.

गच्ची आली. कबूतर आलं. दुसरं आलं, तिसरं... पडदा गेला नाही. वर ठळक अक्षरांत उमटलं, 'श्री सिद्धेश्वर, डाळ सांभाळा.' आणि काठी घेऊन एक म्हातारी जिन्यातून वर आली. हिरवं लुगडं, कमरेला पानाची चंची, चाल जराशी डावीकडे झुकलेली.

जीपचा हॉर्न का वाजतोय हे सांगायला आलेली गुरम्मा आत्या दारातच थबकली.

"ही मी का?"

"न्हाई गं आत्या, अशीच एक."

"चंची माझी हाय." आत्या पुढे येऊन पडद्याला नाक लावून उभी राहिली. "आन् डाव्या कोपऱ्यातलं कबूतर सुटलं की. हाण त्याला."

अंबिका हसत सुटली, हसता हसता डोळे भरले, आणि तशाच डोळ्यांनी तिने गेम हैदराबादला पाठवला. तीनला थोडासाच वेळ उरला होता.

शेतावर ज्वारी कमरेएवढी उभी होती, हरभऱ्याला घाटे धरले होते. कडब्याच्या झोपडीवजा कोपीत पूजा झाली, पंगत बसली. अंबिकेच्या हाती वाढायचा तांब्या आला, म्हणजे आता तिला तिथून हलता येणार नव्हतं. आणि फोनला रेंज फक्त बांधावरच्या बोरीखाली.

संगमेशच्या पेल्यात आंबील ओतायला वाकली तेव्हा तिने फोन त्याच्या मांडीशी सरकवला. कुलूप काढलेलं होतं.

"तुम्ही बघा," ती पुटपुटली. "मला नाही बघवत."

पंगत सोडून उठणाऱ्या पाहुण्याकडे सगळे बघत राहिले. तो बोरीखाली गेला, फोन उंच धरला, पुन्हा खाली घेतला. इकडे अंबिका कुणाला काय वाढतेय ते तिचं तिलाच कळत नव्हतं; मामांच्या भज्जीवर तिने आंबील ओतली आणि मामांनी बिचाऱ्यांनी ती खाल्लीही.

तो परत येताना ती अर्ध्या वाटेत गेली. हरभऱ्याच्या वाफ्यात दोघं थांबले.

"उघडला त्यांच्याकडे," तो म्हणाला. "सोमवारी बोलावलंय."

ती खाली बसली. नुसती बसली, मातीत, इरकलीसकट. मग वर न बघता म्हणाली, "हैदराबादला जाईन मी. राहीन तिथं. हे कुणी अडवलं तर मी त्या माणसाशी लग्न करणार नाही. आजच सांगते... नंतर लोक म्हणतात सांगितलं नाही."

"ठीक."

"ठीक म्हणजे?"

संगमेशने चपलेने एक ढेकूळ फोडलं. "म्हणजे... मला तुम्ही आवडलात. तुमचं कामही. नांदेडहून हैदराबादला गाडी आहे. मी येत जाईन. क्लास तिकडेही आहेत, फिजिक्स तेच असतं." तो जरा थांबला. "आणि तुम्ही सोमवारी जाल तेव्हा... वाटेत नांदेडला उतरलात तर आई भेटेल."

अंबिकेने मान वर केली. "लातूरहून हैदराबादला उदगीर, बीदर अशी सरळ वाट आहे. नांदेड मधे कुठं येतं?"

"येत नाही," संगमेशने कबूल केलं.

कोपीतून आत्या हाका मारत होती. अंबिका उठली, साडीची माती झटकली, आणि चालता चालता म्हणाली, "मग एक दिवस आधी निघावं लागंल मला."