पाटाकाठचा काळा साबण

"चौथी! नोएलिया, आज चौथी मेली!"

फ्रेसिया धापा टाकत कुंपणाशी येऊन थांबली. तिच्या गुडघ्यांपर्यंत धूळ होती आणि चेहरा पांढराफटक पडला होता. नोएलिया आणि सांतियागोहून सुट्टीला आलेला तिचा मामेभाऊ एलोय डोंगरावर जायच्या तयारीत होते. पिशवीत पाव, चीज आणि द्राक्षं भरून झाली होती. ती पिशवी तिथेच राहिली.

शेळी पाटाच्या कडेला पडली होती. वर तीन गिधाडं घिरट्या घालत होती. एलोय जवळ गेला आणि झटकन मागे सरला.

"हिच्या ओठांची सालं निघालीयेत!"

"जीभ बघ," फ्रेसिया कुजबुजली. "भाजल्यासारखी झालीय. आधीच्या तिघींचीही अशीच होती."

फ्रेसियाचे ताता, म्हणजे आजोबा एवारिस्तो, काठीवर रेलून उभे होते. "विषारी पाला खाल्ला असणार," ते म्हणाले.

"ताता, पाल्याने तोंड भाजतं होय?" नोएलियाने विचारलं. "पाण्यातच काहीतरी असेल."

"पाण्यात? साठ वर्षं पितोय मी हे पाणी! तू कालची पोर, मला शिकवतेस? जा, खेळा जा."

तिघं तिथून निघाली, पण खेळायला नाही. पाटाच्या कडेकडेने ती वरच्या अंगाला चालू लागली. उन्हाने दगड तापले होते. एरवी इथे बेडकांचा नुसता गोंगाट असायचा. आज एकही आवाज नव्हता. मग नोएलियाला बेडूक दिसले. पांढरी पोटं वर करून ते काठच्या शेवाळात अडकले होते.

"सुट्टीत मजा येईल, असं आई म्हणाली होती," एलोय पुटपुटला.

"घाबरलास?"

"मी? छे! मोजतोय फक्त. एकोणीस झाले."

आन्सेल्मोच्या शेडपाशी मात्र ती थबकली. शेडच्या वर पाण्यात जिवंत बेडूक उड्या मारत होते. शेडच्या खाली सगळे मेलेले. आणि शेडच्या भिंतीतून एक नळी पाटात उतरली होती. तिच्या तोंडाशी काळसर, ओल्या साबणासारखी बुळबुळीत साय साचली होती.

आन्सेल्मो हा डोंगरावरच्या वेधशाळेचा कोठारपाल. शेडमागे त्याने टोमॅटोसाठी नवंकोरं काचघर उभारलं होतं. एका रांगेतल्या काचा लख्ख होत्या. कोपऱ्यातली एक काच तेवढी मळकट दिसत होती. नोएलिया तिच्याजवळ गेली आणि जागीच खिळली.

काचेवर हजारो बारीक काळे ठिपके होते. मधोमध चातीसारखा एक निमुळता डाग होता, त्याच्याभोवती शाईचं वर्तुळ आणि शेजारी इवलासा आकडा.

"पुसली नसेल नीट," एलोय म्हणाला.

"गप रे! हा मळ नाही. दीर्घिका आहे ही! आकाशाचा फोटो आहे. काचेवर तो उलटा उमटतो, तारे काळे दिसतात. आणि हे अक्षर तीया इस्मेनियाचं आहे!"

तीया म्हणजे मावशी. ती नात्याने कुणाचीच नव्हती, पण गावातली सगळी मुलं तिला तीयाच म्हणत. एकतीस वर्षं ती वेधशाळेत भिंगाला डोळा लावून अशा काचा तपासत होती. तारकागुच्छ, तेजोमेघ, दीर्घिका, जे जे सापडेल त्याला आकडा द्यायचा, जागा मोजायची आणि यादीत नोंदवायचं. गेले दोन उन्हाळे ती नोएलियालाही ते शिकवत होती.

"मग आकाश टोमॅटोवर कशाला टांगलंय?" फ्रेसियाने विचारलं.

शेडचं दार नुसतं लोटलेलं होतं. "मी बघून येते. तुम्ही पहारा द्या," असं म्हणून नोएलिया आत शिरली.

आत उग्र वास होता. डोळे चुरचुरायला लागले. भिंतीशी लाकडी खोके छतापर्यंत रचले होते. मध्ये पत्र्याचा मोठा टब आणि त्याच्या शेजारी कॉस्टिक सोड्याचं पिंप. तेवढ्यात बाहेर फ्रेसिया मोठ्याने खोकली. ट्रकचं दार आपटलं! नोएलिया खोक्यांमागे दडली.

आन्सेल्मो आत आला. कोपरापर्यंत रबरी हातमोजे घातले, खोक्यातून एक काच उचलली आणि तिच्याकडे न बघताच टबात सोडली. नोएलियाने मात्र बघितलं. कडेला पिसाऱ्यासारखा पसरलेला एक तेजोमेघ होता. तो हळूच सुरकुतला, काचेवरून सुटला आणि दुधावरच्या सायीसारखा तरंगत पाण्यात विरून गेला. ओरडू नये म्हणून तिने तोंडात मूठ कोंबली.

एक. दोन. सात काचा. मग त्याने टबाचं बूच काढलं. काळं पाणी गुडगुडत नळीतून पाटाकडे गेलं.

"आज रात्रीपर्यंत सगळा निकाल लावतो," तो स्वतःशीच म्हणाला आणि सोड्याची पोती आणायला ट्रककडे वळला.

नोएलियाने खिडकीतून उडी टाकली. तिघं पळत सुटली ती थेट तीया इस्मेनियाच्या अंगणात.

तीयाने सगळं ऐकून घेतलं. हातातला कप तिने फार जपून खाली ठेवला. "नव्या यंत्राला आता काचा लागत नाहीत. कोठारात त्या सुखरूप आहेत, असं आन्सेल्मोने लिहून दिलंय." तिने वेधशाळेला फोन लावला. रविवार होता. संचालकबाई उद्या येणार होत्या.

"उद्या काही उरणार नाही!" नोएलिया रडकुंडीला आली.

"मी पुढे जाते शेडवर," तीया काठी घेत म्हणाली. "माझे पाय चालतील तसे."

"आणि संध्याकाळी लहान पोरं डुंबायला येतात पाटात," फ्रेसिया एकदम म्हणाली. "माझी बहीणसुद्धा."

तीया काठी टेकत बाहेर पडली.

"मोठ्यांना सांगू," एलोय म्हणाला.

"सांगितलं की सकाळी! बेडूक मेले म्हणून कुणी उठणार नाही. शेळ्या मेल्या तरी उठले नाहीत." नोएलिया थांबली. तिचे डोळे चमकले. "पण द्राक्षांचं पाणी बंद झालं तर?"

फ्रेसियाने कपाळावर हात मारला. "अख्खं गाव धावेल!"

वरच्या वळणावर पाटाचं लोखंडी दार होतं. त्याचं चाक तिघांनी मिळून धरलं. ते हलेना.

"शहरात जिमला जातोस ना? लाव जोर!" फ्रेसिया ओरडली.

"फुटबॉल खेळतो मी! हातांचा काय संबंध!"

चाक किंचाळलं आणि फिरलं. दार खाली बसलं. पाण्याचा आवाज मंदावला, मग थांबला. ती शांतता अंगावर आली. खाली शेडपाशी पाटाच्या तळाशी आता नुसता काळा चिखल चकाकत होता.

वीस मिनिटांत आरडाओरडा सुरू झाला. पाटकरी लादिस्लाओ फावडं घेऊन पुढे होता, मागे दहाबारा माणसं, त्यांत एवारिस्तो ताताही.

"कुणी अडवलं पाणी? आज माझ्या मळ्याची पाळी आहे!" मागून एकजण ओरडला.

"आन्सेल्मोच्या शेडपाशी जा!" फ्रेसिया ओरडली. "तिथे बघा, तिथे!"

माणसं शेडवर धडकली. आन्सेल्मो हातमोजे घालून टबाशी उभा होता. "झालं काय? काचघरासाठी टाकाऊ काच धुतोय मी! धूळ खात पडली होती. कोण बघतं तिच्याकडे?"

लादिस्लाओने नळीच्या तोंडाचा चिखल फावड्यावर घेतला. एवारिस्तो तातांनी वाकून त्याला बोट लावलं आणि कळवळून सदऱ्याला पुसलं. मग त्यांची नजर पिंपावर गेली. त्यावर कवटीचं चित्र होतं.

"माझ्या शेळ्या," ते इतकंच म्हणाले.

"थेंबभर पाण्याने काय होतंय, असं वाटलं मला," आन्सेल्मोचा आवाज चिरकला.

"आमची नात डुंबते इथे!" ताता गरजले.

तीया इस्मेनिया सगळ्यांत शेवटी, भिंतीला धरत पोहोचली. तिने धुतलेली एक लख्ख काच उचलून उन्हात धरली. आरपार नुसता डोंगर दिसत होता. "यावर काय होतं, ते आता मलाही सांगता यायचं नाही," ती म्हणाली.

मुलांनीच वर जाऊन दार उघडलं. पण त्याआधी माणसांनी चिखल उपसला आणि नळी उखडून टाकली.

सोमवारी संचालकबाई आल्या. आन्सेल्मोकडून किल्ल्या काढून घेतल्या आणि शेळ्यांच्या भरपाईचा कागद त्याच्याकडून तिथेच लिहून घेतला. बाराशे छत्तीस काचा वाचल्या होत्या. एकशे एक्क्याऐंशी गेल्या होत्या. "मी नुसत्या कागदावर विसंबून राहिले," त्या मुलांना सगळ्यांदेखत म्हणाल्या. "तुम्ही डोळ्यांनी बघितलंत. शाबास!" एवारिस्तो तातांनी चीजचा अख्खा गोल नोएलियाच्या हातात ठेवला. "पाण्यात काही नाही म्हणालो होतो. चुकलो, पोरी."

उरलेली सुट्टी तिघांनी काचा तीयाच्या यादीशी ताडून पाहण्यात घालवली. गेलेल्या प्रत्येक आकड्यापुढे नोएलिया 'नष्ट' असं लिहायची. असं पंधरावीस वेळा लिहिलं की ती थोडा वेळ बाहेर जाऊन बसायची.

एका दुपारी एलोयने भिंगावरून मान वर केली. "तीया, या डागाला आकडा नाहीये."

"काचेचा दोष असेल. त्याच भागाची दुसरी काच लाव."

दुसरी काच वाचली होती. तिच्यावरही, नेमका त्याच जागी, तो अंधुक डाग होता.

तीया बराच वेळ भिंगावर वाकून राहिली. "एकतीस वर्षं," ती हळूच म्हणाली, "आणि ही दीर्घिका माझ्या नजरेतून सुटली." मग तिने यादीचं शेवटचं पान उघडलं, जागा मोजून सांगितली आणि लेखणी एलोयपुढे धरली.

"पण माझं अक्षर घाण आहे!"

"वाचता येईल असं लिही, म्हणजे झालं."

नोएलियाने कागद दोन्ही हातांनी घट्ट धरला. फ्रेसियाने श्वास रोखला. एलोयने जीभ दातांत धरून पुढचा आकडा लिहिला.