तांदळात लिहिलेलं नाव

फोन आला तेव्हा शशिधर केळुसकर आमटीला फोडणी देत होता. २००४ सालचा नोव्हेंबर, साउथहॅम्प्टनला सकाळपासून बारीक पाऊस. मंगळवारी अनुराधा शहरातल्या एका लहान संग्रहालयात मदतीला जायची. बंदरातल्या क्रेन दुरुस्त करण्याच्या नोकरीतून तो रिटायर झाल्यापासून मंगळवारचा स्वयंपाक त्याच्याकडे आला होता.

"सुमनचे मिस्टर बोलताहेत का?" एका इंग्रज बाईने घाईघाईने विचारलं.

"इथे सुमन नावाचं कोणी राहत नाही," तो म्हणाला. "राँग नंबर." मोहरी करपत होती. त्याने फोन ठेवला.

आमटी उकळली, त्याने गॅस बंद केला, टेबलावर दोन ताटं मांडली, आणि दुसरा फोन आला. तो हॉस्पिटलमधून होता आणि या वेळी नाव बरोबर होतं. मिसेस अनुराधा केळुसकर. बस मिळून तो पोहोचेपर्यंत सगळं संपलं होतं. हृदय बंद पडलं, डॉक्टर म्हणाले, त्रास झाला नसावा. चेहरा शांत होता. उजव्या तळहातावर मोहरीएवढा लाल ठिपका होता. नर्स म्हणाली, सुईचा असेल.

पहिला फोन जीनचा होता, हे त्याला तिथे कॉरिडॉरमध्ये कळलं. जीन म्हणजे संग्रहालयातली अनुराधाची सोबतीण. आणि सुमन म्हणजे कोण, हे तर त्याला माहीत असायलाच हवं होतं. सुमन पागधरे, अनुराधाचं माहेरचं नाव. मालवणला लग्न लागलं त्या संध्याकाळपासून ते नाव कोणी घेतलं नव्हतं.

दहन झालं. पुढच्या आठवड्यात जीन घरी आली. तिने अनुराधाचा चष्मा आणला, जेवणाचा डबा आणला, आणि मऊ कागदात गुंडाळलेला एक शंख आणला.

शंख शंकूसारखा निमुळता, बोटभर लांब, पिवळट, अंगावर तपकिरी रेघा. याला इंग्रजीत कोन म्हणतात हे शशिधरला ठाऊक होतं. अनुराधा संग्रहालयात वर्षानुवर्षं हेच शंख लावत बसायची आणि जेवताना त्याला सांगायची. हा प्राणी वाळूत पुरून घेतो, वर फक्त एक नळी. मासा जवळ आला की बारीक विषारी दात मारतो. एक जात तर जाळ्यासारखं तोंड पसरून अख्खा मासा आत घेते. "म्हणजे आमच्यातलीच की," असं म्हणून ती हसायची. पागधरे म्हणजे पाग धरणारे, जाळं फेकून मासे काढणारे. नावांचे अर्थ काढायचा तिला नादच होता, शंखांच्या आणि माणसांच्याही. एका कोनाच्या लॅटिन नावाचा अर्थ 'मी कोणापुढे हार जात नाही', हे तिने किती वेळा सांगितलं असेल! "आणि तुमचा अर्थ काय, तर केळूसचे. गावात पाऊल नाही टाकलंत कधी, नाव तेवढं मिरवताय."

"हा तिच्या मुठीत होता," जीन म्हणाली. "मूठ लवकर सुटेना. आमच्याकडचा नाही हा. तिनेच घरून आणला असेल."

"घरी असा शंख नव्हता."

"जात कुठली तेही मला सांगता येत नाही." जीनने शंख टेबलावर ठेवला आणि हात स्कर्टला पुसला.

"तुम्ही तिला सुमन का म्हणायचात?"

"तिनेच सांगितलं, पहिल्या दिवशी. आमच्या कामात एक नियम आहे, शशी. एकाच प्राण्याला दोघांनी दोन नावं दिली, तर आधी दिलेलं खरं धरतात. तिला तो नियम फार आवडायचा."

जीन गेल्यावर त्याने टॉर्च लावून शंखाच्या आत पाहिलं. आत काही नव्हतं. कोरडा होता. वास मात्र ओहोटीचा येत होता.

लंडनजवळच्या हॅरोहून लेकीचे, इंग्लंडातच वाढलेल्या नीनाचे, फोन सुरू झाले; तिथे ती नवऱ्याबरोबर, हरीशबरोबर, राहायची. स्मशानाच्या बागेत अनुराधाच्या नावाची पाटी बसवायची होती आणि त्यांना नाव कळवायचं होतं.

"बाबा, आईचा नाव द्यायला एवढा काय प्रॉब्लेम आहे? दोन शब्द तर आहे!"

"देतो."

"देतो देतो करत ख्रिसमस येईल. हरीश म्हणाला मी ईमेल करतो, मी म्हटलं नको, बाबांना राग येईल. जेवलात?"

"जेवलो."

"काय?"

त्याने समोरच्या ताटलीतला पावाचा चुरा बोटाने गोळा केला.

"टोस्ट," नीना म्हणाली. "मला माहिती आहे. टोस्टच."

नाव का देता येत नाही हे तिला सांगायचं कसं? अनुराधा लिहावं, तर जिने स्वतःची ओळख सुमन अशी करून दिली तिला ते चालेल का? सुमन लिहावं, तर आपण जिच्यासोबत संसार केला ती कोण होती? घरात तर त्याने कुठलंच नाव कधी वापरलं नव्हतं. तो 'अगं' म्हणायचा, ती 'अहो' म्हणायची. तिने त्याचं नाव एकदाच घेतलं, उखाण्यात.

लग्नात रीतीप्रमाणे ताटात तांदूळ पसरले होते आणि त्याने अंगठीने त्यात तिचं नवं नाव लिहिलं होतं. कपड्यांच्या घड्या घालताना ती एकदा सहज बोलली होती. "ताट तुमच्याकडे तोंड करून होतं. मला नाव उलटं दिसत होतं, लागलंच नाही. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, कोणीतरी अनुराधा म्हणून हाक मारली, तेव्हा कळलं की ती मी."

शंखाचं चित्र काढायचं झालं की ती तो स्टीलच्या ताटात, तांदळात रोवून उभा करायची, म्हणजे कलंडत नाही. ते ताट अजून जेवणाच्या टेबलावर होतं. शशिधरने नवा शंख त्यात उभा केला आणि तो आपल्या खुर्चीवर बसला. समोर तिची खुर्ची.

सकाळी शंख कडेला होता. मागे तांदळात बोटभर रुंदीची चरी पडली होती.

तो यंत्रातला माणूस. टेबल कललंय का ते पाहायला त्याने त्यावर लेव्हल ठेवली, बुडबुडा मधोमध होता. उंदराच्या लेंड्या नव्हत्या. बंदरातल्या जहाजांनी घर हादरतं म्हणावं, तर बंदर दोन मैल दूर. त्याने तांदूळ सारखे केले आणि ताटावर काचेचा मोठा बाऊल उपडा घातला. दुपारी बाऊल होता तसाच होता. आतून काचेला वाफ धरली होती, आणि शंख दुसऱ्या कडेला होता.

त्याला भीती वाटली नाही. नीनाला त्याने काही सांगितलं नाही. त्याला वाटलं, विचारायला हरकत नाही. कोणी सांगणार असेल तर पाटीचा प्रश्न सुटेल.

त्याने बोटातली अंगठी काढली, तांदळात अनुराधा असं लिहिलं आणि शंख शेजारी ठेवला. मग मुद्दाम बाहेर जाऊन दूध घेऊन आला. परतला तेव्हा चार वाजले होते आणि अंधार पडत होता. दिवा लावला. ताटात नाव नव्हतं. तांदूळ हात फिरवल्यासारखे सपाट होते.

हेच तर, तो मनाशी म्हणाला. त्याने सुमन लिहिलं.

दुसऱ्या दिवशी तेही पुसलेलं होतं.

दोन्ही नावं नकोत, तर तिसरं कुठलं? शंख उचलताना अनामिकेला काहीतरी लागल्यासारखं वाटलं. पाहिलं, तर अंगठीच्या जागी मोहरीएवढा लाल ठिपका. दुखत नव्हतं. उलट इतक्या दिवसांत पहिल्यांदाच बरं वाटलं.

पुढच्या सकाळी ताटात एक अक्षर होतं.

चरी स्वच्छ होती, बेताची खोल, अंगठीने ओढावी तशी. पण अक्षर त्याला लागेना. त्याने मान तिरकी केली. मग त्याच्या लक्षात आलं. अक्षर उलटं होतं. ताट पलीकडे तोंड करून होतं.

तो उठून टेबलाला वळसा घालून गेला आणि तिच्या खुर्चीमागे उभा राहून त्याने वाचलं. ते अनुराधातलं नव्हतं. सुमनमधलंही नव्हतं.

खुर्चीची गादी ओलसर होती.

त्या दिवशी त्याने तांदूळ सपाट केले नाहीत. संध्याकाळी दुसरं अक्षर झालं. दोन्ही मिळून त्याच्या ओळखीचं कुठलंच नाव सुरू होत नव्हतं. तिच्या माहेरचं नाही, त्याच्या घरातलं नाही. पुरुषाचं असावं, असं मात्र वाटत होतं.

मग नीनाचा फोन आला. "बाबा?" ती म्हणाली. "बाबा, ऐकताय ना?" त्याने ऐकलं आणि रिसीव्हर हळूच खाली ठेवला. राँग नंबर असावा.

आज सकाळी जीन आली. तिने बेल वाजवली, मग लेटरबॉक्सची फट उघडून हाका मारल्या. "शशी! शशी, तुम्ही आत आहात का?" तो टेबलापाशी आपल्या जागेवर बसला होता. आवाज स्पष्ट येत होता. ही बाई कोणाला बोलावते आहे, असं त्याच्या मनात आलं. तो उठला नाही. हाका थांबल्या, बुटांचा आवाज लांब गेला.

मग समोरच्या खुर्चीतून कोणीतरी अगदी हळू हाक मारली, अर्धीच, ताटातल्या त्या दोन अक्षरांची. त्याने मान वर केली.

"ओ," तो म्हणाला.

स्मशानाच्या बागेतली पाटी अजून कोरी आहे. ताटातलं शेवटचं अक्षर व्हायचं राहिलं आहे.