फकिराला दिलेली माती

लाइट गेली होती. दौलताबादला रस्त्याकडेच्या ओट्यावर चार-पाच पोरं बसली होती. वरून एक विमान चिकलठाण्याकडं उतरत गेलं. त्यांच्यात बसलेले म्हातारे कारभारी अण्णा त्याचे दिवे दिसेनासे होईपर्यंत वर बघत राहिले. मग म्हणाले, "असा आवाज आला की आपल्या गावचा पुंजाराम घरात जाऊन बसायचा. भर दुपारी बी." आणि त्यांनी सांगायला घेतलं.

पुंजाराम त्या दिवशी शहरात गुलमंडीला गेला तो लुगडं घ्यायला. साल बावन्न. पोलीस ॲक्शन होऊन साडेतीन वर्षं झालेली, रझाकारांच्या भीतीनं पांगलेली माणसं घरी येऊन रुळलेली. माघ वद्य तृतीया, बुधवार. शनिवारी रात्री त्याचा पाट लागायचा होता, साळूबाईशी. साळूबाई म्हणजे फकिराची मागं राहिलेली बायको.

फकिरा आणि पुंजाराम एका गल्लीतले. दुसऱ्या महायुद्धात एकाच दिवशी इंग्रजांच्या फौजेत भरती झाले. सिंगापूर पडलं तेव्हा दोघं जपान्यांच्या हाती लागले. तिथून जहाजाच्या तळाशी कोंबून त्यांना न्यू गिनी बेटावर नेलं, वेवाकला. जपानी लष्कराचं तिथं मोठं ठाणं. किनाऱ्याकिनाऱ्यानं चार धावपट्ट्या, झाडांखाली दडवलेली विमानं, पंखांवर लाल गोळा. त्रेचाळीसच्या ऑगस्टात एका सकाळी अमेरिकन विमानं आली आणि जमिनीवर उभी होती ती विमानं तिथंच जाळून गेली. पुढं ते रोजचंच झालं. दिवसा अमेरिकनांनी बॉम्ब टाकायचे, पट्टीला घर मावेल एवढे खड्डे पाडायचे. रात्री कैद्यांनी ते बुजवायचे. उजाडायच्या आत पट्टी सपाट पाहिजे. पट्टी सपाट नसली तर पंख असून विमानाला उडता येत नाही, बाबांनो.

शेचाळीस साली पुंजाराम एकटाच परत आला. साळूबाई दारात उभी होती. तिनं एवढंच विचारलं, "भावजी, ते कुठंयत?"

"हिवतापानं गेला," पुंजाराम म्हणाला. "माझ्याच हातानं माती दिली."

ही गोष्ट खरी होती, आणि खोटीही होती. तेच त्याला खात होतं.

तेव्हापासून तो तिचं शेत नांगरायचा, कडबा रचून द्यायचा, पण ओसरीवर कधी टेकायचा नाही. सहा वर्षं अशी गेल्यावर तिचा भाऊ बन्सीच म्हणाला, लोक बोलायच्या आत पाट लावून टाकू. साळूबाई व्हय म्हणाली नाही, नाय म्हणाली नाही. "तुम्ही डोळ्यांनी पाह्यलं नव्हं?" एवढंच तिनं पुन्हा विचारलं. तो म्हणाला, "व्हय." तेव्हापासून तिनं त्याला भावजी म्हणायचं सोडलं.

तर गुलमंडीत हिरवं लुगडं मिळता मिळता दिवे लागले. सायकलला बोचकं बांधून तो निघाला. छावणी मागं पडली. पडेगाव मागं पडलं. पाठीमागं चंद्र वर आला आणि त्याची सावली त्याच्यापुढं पळायला लागली. मिटमिट्याच्या अलीकडं सडकेचं काम चाललेलं. कडेला खडीचे ढीग, मधोमध खणलेला खड्डा. तो खाली उतरून सायकल ढकलत चालला.

तेवढ्यात आवाज आला. फावड्याचा. खरर... खरर...

त्याला वाटलं, खडी फोडणारे बेलदार असतील. "कोण हाय रं?" त्यानं हाळी दिली.

फावडं थांबलं.

सडकेवर माणूस नव्हता. खडीवर चांदणं पडलेलं. शरणापूरच्या बाजूला एक कुत्रं भुंकत होतं, तेही बंद झालं.

मग खड्ड्यातून, अगदी हळू...

"पुंजा..."

त्याच्या हातातली सायकल आडवी झाली.

"पुंजा... हात दे."

हा आवाज त्यानं आठ वर्षांपूर्वी ऐकला होता. असाच, खालून. त्या रात्री फकिरा तापानं फणफणलेला. पाटी घेऊन खड्ड्यात उतरला आणि तिथंच बसला. वर पंचवीस माणसांची रांग, हातोहात मातीच्या पाट्या येत होत्या. पाठीशी जपानी शिपाई, काठी घेऊन, 'लवकर लवकर' म्हणून खेकसत होता. रांगेच्या टोकाला पुंजाराम होता. त्यानं ऐकलं. हात दे, म्हणाला फकिरा. रांग थांबवली असती तर काठी बसली असती. फार तर जीव गेला असता. फार तर... पण तो थांबला नाही. त्यानं पाटी खड्ड्यात रिकामी केली. मग दुसरी. मग तिसरी. मग आवाज आला नाही. पहाटे वरून रोलर फिरला. उजाडताना त्याच जागेवरून विमानं उडाली, एकामागं एक. पुंजाराम मान खाली घालून ऐकत राहिला.

आणि आता मिटमिट्याच्या सडकेवर...

"हात दे."

त्याला पळता आलं असतं. गाव दोन कोसावर होतं. पण त्याच्यानं पळवेना. तो गुडघ्यावर बसला. पालथा झाला. डोळे मिटून खांद्यापर्यंत हात खाली सोडला.

"घे," तो म्हणाला. "घे रं फकिरा. धर."

काही नाही.

"धर ना..."

काही नाही. बराच वेळ.

मग त्याच्या बोटांना माती लागली. माती खालून चढत गेली तशी बोटं वर येऊ लागली. मनगट वर आलं, कोपर आलं. त्यानं डोळे उघडले. तो सपाट सडकेवर पालथा पडला होता. खड्डा नव्हता.

सायकल, बोचकं, सगळं तिथंच टाकून तो चालत गावात आला. स्वतःच्या घरी गेला नाही. साळूबाईची कडी वाजवली. ती कंदील घेऊन आली, आणि उंबऱ्याबाहेर उभं राहूनच त्यानं सगळं सांगितलं. आठ वर्षं दाबून ठेवलेलं, पहिल्या पाटीपासून.

तिनं रडारड केली नाही. शेवटी विचारलं, "तव्हा हात दिला असता, तर वर आले असते?"

पुंजारामला खोटं बोलायची शेवटची संधी होती ती.

"...आला असता."

कंदिलाची वात फडफडली.

"बरं झालं सांगितलं, भावजी," ती म्हणाली.

पाट मोडला. का मोडला ते गावाला कळलं नाही. लोकांनी पुंजारामला नावं ठेवली, त्यानं ती खाली मान घालून ऐकून घेतली. शेत मात्र तो मरेपर्यंत नांगरत राहिला. मला हे सगळं त्यानं शेवटल्या दुखण्यात सांगितलं, आणि त्या रात्रीचं एक राहिलेलं सांगितलं.

भावजी म्हटल्यावर साळूबाईनं कंदील खाली धरला. "आत या," ती म्हणाली. "हे बघा, मग जा."

संध्याकाळीच तिनं घर सारवलं होतं. ओल्या सारवणावर पावलं उमटलेली. अनवाणी, पुरुषाची. उंबऱ्यापासून थेट चुलीपर्यंत.

"तुम्ही कडी वाजवली, मी उठले, तव्हाच होती," ती म्हणाली. "कडी तर आतून होती."

आत येणारी पावलं तेवढी होती. परत जाणारं एकही नव्हतं. आणि प्रत्येक पावलात पाणी साचलेलं.

पुंजाराम खाली बसला. त्यानं एक बोट त्या पाण्यात बुडवलं... जिभेला लावलं.

समुद्राचं पाणी होतं ते. खारट.