सासरा तरंगतो त्या गावी

त्या दिवशी वुथीची होडी जलपर्णीत रुतली नसती, तर मालिसने त्याच्याकडे मान वळवूनही पाहिलं नसतं. गाईड काय, येतच असत. मोठ्या तळ्याला पूर आला, झाडं गळ्यापर्यंत पाण्यात बुडाली, की सिएम रीप शहरातून पाहुण्यांच्या होड्या सुरू. सकाळी बैलगाडीत बसायचं, ताडाचा गूळ कढताना पाहायचा आणि दुपारी तरंगत्या गावात कुणाच्या तरी घरी आंबट माशाचं सार आणि भात. ते घर बहुतेक वेळा मालिसच्या वडिलांचं, म्हाताऱ्या प्रोमचं असायचं. स्वयंपाक तिचा.

बारीक पाऊस होता. ती लेमनग्रास आणि चिंच घेऊन परतत होती. वाटेत जांभळ्या फुलांच्या गचपणात एक होडी अडकलेली, होडीत चार गोरे पाहुणे भिजत बसलेले, आणि पांढऱ्या सदऱ्यातला गाईड दोन्ही हातांनी काठ घट्ट धरून हसत होता. हसणं तोंडावर होतं... हातांत नव्हतं.

"गाईडसाहेब, पाणी कमरेएवढंच आहे. उतरा आणि ढकला," मालिस म्हणाली.

"उतरलो असतो. पण सदरा नवा आहे."

"मग सदरा काढून ठेवा."

"पाहुण्यांसमोर? बरं दिसत नाही ते."

ती पाण्यात उतरली, खांदा लावला आणि होडी मोकळी केली. तो पाहुण्यांना त्यांच्या भाषेत काहीतरी म्हणाला, तशा त्यांनी टाळ्या वाजवल्या.

"काय सांगितलंत त्यांना?"

"तळ्याची देवी प्रसन्न झाली म्हणून."

"देवीच्या केसांत शेवाळ असतं का?"

"या देवीच्या आहे," तो म्हणाला आणि बोटानं कानामागं दाखवलं. तिनं हात नेला. खरंच होतं!

तेव्हापासून मंगळवार आणि शुक्रवार वेगळे उगवू लागले. लांबून इंजिनाचा आवाज आला की मालिस सारात मीठ दोनदा घालायची. तो जेवायला बसलेल्या पाहुण्यांना तेच ते ऐकवायचा, आणि ऐकून ऐकून तिला ती परकी भाषा हळूहळू उमगायला लागली. एक गंमत तो कधी चुकवत नसे. म्हणायचा, "आमच्याकडे नवरी सासरी जात नाही, नवरा मुलगा सासऱ्याच्या घरी राहायला येतो. आणि इथले सासरे तरंगतात. तेव्हा या गावात प्रेमात पडायचं तर आधी पोहायला शिकावं." पाहुणे हसत. वुथी हसता हसता चुलीकडे पाही... आणि मालिस झाकण उगाचच उघडून पुन्हा ठेवी.

शेजारच्या ओट्यावर श्रेय नावाची दीड वर्षाची पोर होती. त्या गावात मूल पोहायला शिकेपर्यंत त्याच्या पायाला दोर बांधून दुसरं टोक खांबाला बांधतात. पाहुणे तिचे फोटो काढत, हळहळत. वुथी मात्र तिच्याकडे पाहायचा नाही. मालिसला वाटलं, सवय झाली असेल.

कार्तिकातल्या पौर्णिमेच्या आधी त्यानं प्रोमकडे मालिससाठी सरळ शब्द टाकला. म्हातारा जाळं विणत होता. त्यानं मान वर न करता विचारलं, "रीत ठाऊक आहे?"

"दर मंगळवारी सांगतो, काका."

"सांगणं वेगळं. पाणी उतरायला लागलं की आम्ही घर ओढत आत खोल तळ्यात नेतो. घर ओढताना जो घरात नसेल तो घरचा नाही. तोवर ये, राहा, काम कर. मग बघू."

वुथी आला. सहल नसेल त्या दिवशी राहू लागला. वल्हं धरायला शिकला, मासे साफ करताना बोटं कापून घेतली, प्राहोकसाठी, म्हणजे आंबवलेल्या माशाच्या चटणीसाठी, मासळी मिठात तुडवताना नाक धरून उभा राहिला आणि म्हाताऱ्याला हसवलं. मालिस त्याला अजून गाईडसाहेबच म्हणायची.

"आता तरी दुसरं काही म्हण," तो म्हणे.

"काय म्हणू?"

"घरच्या माणसाला म्हणतात ते."

"बाँग?" ती विचारी, आणि त्यानं मान उचलली की लगेच म्हणे, "असं म्हणतात होय? माझ्या तोंडात नाही बसत."

एका दुपारी पाऊस थांबून ऊन पडलं होतं. पत्र्यावरून वाफ निघत होती. म्हातारा बाजारात गेला होता आणि वुथी जेवून चटईवर लवंडला होता. मालिस त्याच्या उशाशी पाणी ठेवायला गेली... आणि तिथंच थबकली.

त्याच्या चौकड्यांच्या क्रम्याचं, गळ्यात टाकायच्या पंचाचं, एक टोक त्याच्या मनगटाला बांधलेलं होतं. दुसरं टोक घराच्या खांबाला. गाठ तीन-तीनदा मारलेली. पलीकडच्या ओट्यावर श्रेय तशीच बांधलेली निजली होती.

त्याला जाग आली. तिच्या डोळ्यांत पाहून त्याला कळलं, लपवण्यात अर्थ नाही. थोरला भाऊ या तळ्यात गेला, तो म्हणाला. तेव्हा वुथी नऊ वर्षांचा होता, त्याच होडीत. भावानं त्याला उलट्या होडीवर ढकललं आणि स्वतः दिसेनासा झाला. आता घरी आई एकटी. वुथी तळ्यावर येतो त्या दिवशी ती जेवत नाही. संध्याकाळी तो दारात दिसला की मगच स्वतःला भात वाढून घेते.

"आणि इथं राहतोस त्या रात्री?"

तो मनगटावरची गाठ सोडू लागला.

"मग गाईड कशाला झालास?"

"शाळा शिकलो ती पाहुण्यांच्या भाषेसाठीच. आणि होडीत काठ धरून बसता येतं गं. सगळ्यांना वाटतं, ऐटीत बसलाय." मग तो तिच्याकडे वळला. "मालिस, बाबांकडून मला एक उन्हाळा मागून घे. देवळाच्या तळ्यात शिकतो पोहायला. पाणी चढलं की येतो. हात न बांधता निजेन."

"देवळाच्या तळ्यात? पोरांच्यात? एवढा मोठा घोडा?"

"हसू देत की पोरांना."

तीही हसली. पण मनात एकच घोळत राहिलं. खोल तळ्यात घर चहूकडून वाऱ्यावर डुलतं, काठ नजरेसही पडत नाही. तिथं हा रोज मनगट बांधून निजणार... आणि तिकडे एक बाई रिकामं ताट पुढ्यात घेऊन बसणार, न जेवता. वडिलांकडे उन्हाळा मागायचा म्हणजे हे सगळं सांगायचं. तिनं मागितला नाही. आपल्याला सगळं समजलंय असं वाटायचं तिचं वय होतं.

पाणी उतरू लागलं. झाडांच्या बुंध्यांवर चिखलाची रेघ उघडी पडली आणि प्रोमनं दिवस ठरवला. वुथी पहाटेच गाठोडं घेऊन आला. तोच नवा सदरा घातला होता, रुतलेल्या होडीतला.

घर सुटण्याआधी, त्या छपराखाली राहणाऱ्यांपैकी एकानं काठावरच्या राखणदाराच्या देवळात उदबत्ती आणि केळी घेऊन जायचं असतं. तो परतेपर्यंत दोर सोडत नाहीत. दरवर्षी मालिस जाई. प्रोमनं उदबत्त्या पुढं केल्या तशा तिनं त्या वुथीच्या हातात दिल्या.

"या वर्षी तू जाऊन ये," ती म्हणाली. आणि जरा थांबून... "बाँग."

तो बघतच राहिला. "पुन्हा म्हण."

"परत आलास की."

शेजाऱ्याच्या होडीतून तो काठाकडे निघाला. होडीची कड धरून बसायचंही विसरला होता. दोन्ही हातांत केळी आणि उदबत्त्या घेऊन तोंड मागं वळवून बसला होता, तिच्याकडे. होडी झाडांआड गेली. मालिस आत आली. वडिलांकडे पाठ करून तिनं गाठोडं उचललं, मागून येणाऱ्या होडीवाल्याला काठावर ठेवून द्यायला सांगितलं आणि मग म्हणाली, "बाबा, तो परत येणार नाही. मला म्हणाला, जमत नाही. उदबत्ती लावून परस्पर घरी जाणार आहे."

 म्हाताऱ्यानं गाठोडं गेलेलं पाहिलं होतं.

"तोंडावर सांगायचं तरी," तो एवढंच म्हणाला. "सोड मग दोर."

दोर तिनंच सोडला.

पुढं मोटारहोडी, मागं घर. कोंबड्यांचा पिंजरा, मिरच्यांच्या कुंड्या, सगळं हळूच हललं. झाडं मागं सरू लागली. ती ओट्यावर उभी होती. काठावर पांढरा ठिपका दिसला. देवळाच्या पायऱ्या तो धावत उतरला आणि धावतच पाण्यात शिरला. गुडघ्यापर्यंत... मांड्यांपर्यंत... कमरेपर्यंत आला.

आणि थांबला.

त्यानं हात वर केला. काहीतरी ओरडला असेल. इंजिनाच्या आवाजात तिला ऐकू आलं नाही. ठिपका लहान होत होत झाडांत मिसळला, तरी ती तिथंच. प्रोमनं वळून पाहिलं नाही. त्याला पाहायचं नव्हतं.

त्या वर्षी तिनंच हट्टानं घर नेहमीच्या जागी न नांगरता पार पलीकडच्या काठाशी न्यायला लावलं. तिकडे मासळी बरी आहे म्हणाली. मासळी काही बरी नव्हती. क्रमा खांबालाच राहिला होता. मनगटाचं टोक सुटलं होतं, खांबाकडची गाठ तशीच. वडील म्हणाले, काढून टाक. ती म्हणाली, असू दे, काय खातोय का.

आषाढात नदी उलटी फिरली आणि तळ्याचं पाणी पुन्हा चढू लागलं. घर ओढत जुन्या जागी आणलं. मंगळवार आले. इंजिनाचा आवाज आला तशी मालिसनं चिंच कोळताना हात थांबवला. होडीतून उतरला तो कोसल नावाचा नवा मुलगा, भरपूर तेल लावलेला आणि फार बोलणारा. पाहुण्यांना बसवून त्यानं सुरू केलं. बैलगाडी, ताडाचा गूळ, आणि मग, "इथले सासरे तरंगतात. तेव्हा प्रेमात पडायचं तर आधी पोहायला शिकावं."

पाहुणे हसले. अगदी त्याच जागी.

"हे कुणी शिकवलं तुला?" मालिसनं भात वाढता वाढता विचारलं.

"वुथीदादानं. वही दिली सगळी. आता तो सहली नाही करत."

"का?"

कोसल घास गिळून खुशीत सांगू लागला. दादाचं डोकंच फिरलं होतं हो, ताई. सगळा उन्हाळा देवळाच्या तळ्यात पोरांबरोबर पोहत होता. पोरं त्याला म्हैस म्हणायची. शिकला पण. आरपार जायचा. आई काठावर बसायची, सुरुवातीला डोळे मिटून, नंतर उघडून. मग होडी भाड्यानं घेऊन खोल तळ्यात कुणाचं तरी घर शोधत गेला, दोनदा. नेहमीच्या जागी नव्हतं म्हणे ते. तीन गावं पालथी घातली. मग परत आला, गप्प झाला. पावसाच्या तोंडावर आईनं लग्न लावून दिलं. सासरा भातशेतीवाला आहे, जमिनीवरचा.

"सार घेता अजून?" मालिस म्हणाली.

तिनं वाढलं. मग ती उठून खांबाजवळ गेली आणि क्रम्याची गाठ सोडू लागली. तीन-तीनदा मारलेली, पाण्यानं आवळलेली. नखं लागेनात. पाहुण्यांतल्या एका म्हाताऱ्या बाईनं कोसलला काहीतरी विचारलं. मालिसला प्रश्न कळला होता, तरी कोसलनं तो सांगेपर्यंत ती थांबली.

"ताई, त्या विचारताहेत, हे काय बांधलंय?"

"लहान मुलांना बांधतो ना आपण, तेच. एकजण होता इथं. पोहायला येत नव्हतं त्याला."

कोसलनं ते पाहुणीला सांगितलं. तिचे डोळे भरून आले. बुडाला का तो, तिनं काळजीनं विचारलं, आणि या वेळी मालिसनं कोसलची वाट पाहिली नाही. त्या परक्या भाषेत, वुथीकडून उचललेल्या शब्दांत, हळू म्हणाली,

"नाही, नाही. आता येतं त्याला."